डोरोथी फुल्डहाइम

१. डोरोथी फुल्डहाइम (१८९३–१९८९) : अमेरिकेतील ओहायो राज्यातल्या क्लीव्हलँडच्या डब्ल्यूईडब्ल्यूएस या स्थानिक दूरचित्रवाणी केंद्राच्या वृत्तनिवेदिका व भाष्यकार. मूळच्या शिक्षिका, पुढे व्याख्यात्या म्हणून नाव झाले, रेडिओवरही काम केले. डिसेंबर १९४७मध्ये हे केंद्र सुरू झाले तेव्हा त्या ५४ वर्षांच्या होत्या. पडद्यावर बाई, त्यात पन्नाशी उलटलेली, बातम्या देते आणि त्यांचा अर्थही सांगते, हे त्या काळी अपूर्वच होते. (मुंबई दूरदर्शन १९७२मध्ये सुरू झाले, हे येथे ध्यानात घ्यावे.) त्यांना नुसते ‘बातम्या वाचणाऱ्या’ म्हणणे अपुरे आहे. मे १९७०मध्ये केंट स्टेट विद्यापीठात नॅशनल गार्डच्या गोळीबारात चार विद्यार्थी ठार झाले. फुल्डहाइम यांनी त्याला पडद्यावरून सरळ खून म्हटले. संतप्त प्रेक्षकांनी राजीनाम्याची मागणी केली. केंद्र मात्र त्यांच्या पाठीशी उभे राहिले. शहराने ओळखलेल्या, रोज घरोघरी दिसणाऱ्या चेहऱ्याने हे बोलण्याला फार मोठे धैर्य लागते. १९८४मध्ये पक्षाघाताचा झटका येईपर्यंत, म्हणजे वयाच्या ९१व्या वर्षापर्यंत, त्या याच केंद्रावर काम करीत होत्या. — संपादक