गहाणखताची खरी किंमत: दामदुपटीपासून गृहकर्जाच्या हप्त्यापर्यंत

१/ वटार हे वसई तालुक्याच्या पश्चिम पट्ट्यातील, समुद्राजवळचे वाड्यांचे गाव. येथील, किंबहुना महाराष्ट्रातील कोणत्याही गावच्या सातबारा उताऱ्यावर ‘इतर हक्क’ नावाचा रकाना असतो. जमीन तारण ठेवून कर्ज घेतले की त्या रकान्यात ‘बोजा’ चढतो. कर्ज कोणाचे व किती, हे तेथे वाचता येते. ते फिटेपर्यंत घराण्याच्या हातून एकूण किती पैसा जाईल, हे मात्र तेथे लिहिलेले नसते. त्या न लिहिलेल्या आकड्याचा इतिहास सांगणारा हा थ्रेड.

२/ हा आकडा बेफाम वाढू शकतो, हे भारतीय परंपरेला फार पूर्वीच उमगले होते. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात नियम आहे की, एकरकमी वसूल होणारे व्याज मूळ रकमेच्या दुपटीपुढे देणे नेऊ शकत नाही. व्यवहारात यालाच ‘दामदुपट’ म्हणत. शंभर रुपये दिले असतील तर मुद्दल शंभर आणि व्याज जास्तीत जास्त शंभर. मुंबई इलाख्यातील ब्रिटिश न्यायालयांनीही हिंदू ऋणकोंच्या बाबतीत हा नियम मान्य केला होता.

३/ या नियमात एक फट होती. मर्यादा होती ती एका वेळी मागता येणाऱ्या थकीत व्याजावर. वर्षानुवर्षे थोडे थोडे व्याज भरणाऱ्याने एकूण किती भरले, याची बेरीज नियम करीत नव्हता. शिवाय जुने खत फाडून, थकलेले व्याज मुद्दलात मिळवून नवे खत लिहिले, की मुद्दलच मोठे होई आणि दामदुपटीची मोजणी पुन्हा आरंभापासून सुरू होई. पुढचे सारे अनर्थ या फटीतूनच शिरले.

४/ गहाणाचे प्रकारही समजून घ्यायला हवेत. ‘नजरगहाण’ म्हणजे जमीन किंवा घर ऋणकोच्याच ताब्यात, परंतु कर्जाला तारण. ‘ताबेगहाण’ म्हणजे ताबा सावकाराकडे आणि उत्पन्नही त्याचेच. ‘मुदतखरेदी’ म्हणजे ठरलेल्या मुदतीत पैसे न फेडल्यास गहाणाचे रूपांतर थेट विक्रीत. तिन्ही प्रकारांत घेतलेली रक्कम सारखी असली, तरी मोजावी लागणारी किंमत अगदी निराळी.

५/ युरोपातही हाच प्रश्न होता. बाराव्या शतकाच्या अखेरीस ग्लॅनव्हिलच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या इंग्रजी कायदेग्रंथात दोन प्रकारची तारणे सांगितली आहेत. ज्या तारणाच्या उत्पन्नातून कर्ज फिटत जाते, ते ‘जिवंत’. ज्याचे उत्पन्न धनको खातो आणि कर्ज मात्र जसेच्या तसे राहते, ते ‘मृत’. ‘मॉर्गेज’ या शब्दाचा मूळ अर्थच मृत तारण असा आहे. ताबेगहाणात उत्पन्न केवळ व्याजात वळते झाले, तर आपल्याकडील शेतकऱ्याचे तारणही असेच मृत ठरे.

६/ आता दख्खनकडे वळू. रयतवारी पद्धतीत सारा रोख भरावा लागे, त्यामुळे हंगाम बुडाला की सावकाराची पायरी चढणे आले. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेतील यादवी युद्धामुळे भारतीय कापसाला अपूर्व भाव मिळाला आणि कर्ज सहज मिळू लागले. युद्ध संपले, भाव कोसळले, कर्जपुरवठा आटला. नेमक्या त्याच सुमारास अनेक तालुक्यांत सारा मोठ्या प्रमाणात वाढवण्यात आला. कर्ज घेतानाचा हिशेब तेजीचा होता. फेडण्याची वेळ मंदीत आली.

७/ १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने कर्जखतावर दावा लावण्यासाठी तीन वर्षांची मर्यादा घातली. व्याज साचत जाऊ नये, हा त्यामागील हेतू. प्रत्यक्षात उलटे घडले. मुदत संपत आली की सावकार नवे खत मागे. थकलेले व्याज नव्या खतात मुद्दल होऊन बसे. ऋणकोच्या रक्षणासाठी केलेला कायदा दर तीन वर्षांनी व्याजावर व्याज चढवण्याचे यंत्र बनला.

८/ या यंत्राची गती पाहू. उदाहरणादाखल, १०० रुपये, व्याज दरमहा शेकडा दोन, मधल्या काळात एकही पैसा भरलेला नाही. तीन वर्षांनी ७२ रुपये व्याज होते आणि नवे खत १७२ चे. सहा वर्षांनी सुमारे २९६. नऊ वर्षांनी ५०९. बारा वर्षांनी ८७५. सरळ व्याजाने बारा वर्षांत ३८८ झाले असते. दामदुपटीने २०० वरच थांबले असते. व्याजाचा दर तिन्ही ठिकाणी एकच आहे. फरक केवळ थकलेल्या व्याजाचे काय करायचे, एवढ्याचाच.

९/ ही केवळ कागदावरची भीती नव्हती. दख्खनच्या दंग्यांची चौकशी करणाऱ्या आयोगासमोर असेही एक प्रकरण आले, ज्यात १०० रुपयांच्या कर्जावर २,००० रुपयांहून अधिक व्याज आकारण्यात आले होते. बहुतेक ऋणको निरक्षर होते. खतावर अंगठा त्यांचा, हिशेबाची वही सावकाराची. भरलेल्या पैशाची पावती मिळेलच, याची शाश्वती नसे.

१०/ डिसेंबर १८७४. शिरूर तालुक्यातील कर्डे गाव. कालूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्याविरुद्ध सुमारे दीडशे रुपयांच्या कर्जापोटी हुकूमनामा मिळवला आणि त्यांचे घर पाडायला घेतले. गाव पेटून उठले ते घर पडताना पाहून. सावकारांवर बहिष्कार पडला. त्यांच्या दुकानातून खरेदी बंद, त्यांच्या शेतात व घरात काम बंद. न्हावी, परीट यांनीही सेवा नाकारली.

११/ १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातील सुपे येथे बाजारच्या दिवशी उद्रेक झाला आणि तो पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत पसरला. जमावाचा मुख्य रोख होता कागदांवर. वह्या, खते, हुकूमनामे मागून घेतले जात आणि जाळले जात. माणसांना इजा तुलनेने फार कमी झाली. आपले घर आणि शेत कशात अडकले आहे, याची नेमकी जाण त्या निरक्षर शेतकऱ्यांना होती.

१२/ चौकशी आयोगाच्या अहवालानंतर १८७९ चा दख्खन शेतकरी कर्जनिवारण कायदा आला. आरंभी तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू होता. पुढे टप्प्याटप्प्याने मुंबई इलाख्याच्या इतर भागांतही गेला. त्याची क्रांतिकारक बाजू अशी की, न्यायाधीशाने केवळ खतावरचा आकडा पाहून निकाल द्यायचा नव्हता. खताच्या मागे जाऊन व्यवहाराचा आरंभापासून इतिहास तपासायचा होता.

१३/ हा हिशेब कसा मांडायचा, हेही कायद्यानेच सांगितले. मुद्दलाचे खाते वेगळे, व्याजाचे वेगळे. साचलेले व्याज मुद्दलात सहजासहजी मिसळायचे नाही. शेवटी व्याजाची बाकी मुद्दलाच्या बाकीहून मोठी निघाली, तर देणे मुद्दलाच्या दुपटीएवढेच धरायचे. म्हणजे जुनी दामदुपट, पण या वेळी फट बुजवून. शिवाय पावती, वार्षिक हिशेब आणि पासबुक मागण्याचा हक्क शेतकऱ्याला मिळाला. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी त्याला तुरुंगात टाकणे बंद झाले.

१४/ कायदा आला म्हणून वाटा बुजल्या नाहीत. गहाणखताचा इतिहास न्यायालय तपासते म्हटल्यावर अनेक सावकारांनी गहाणाऐवजी सरळ खरेदीखतच लिहून घेण्यास सुरुवात केली. पैसे फेडल्यावर जमीन परत देण्याचे वचन फक्त तोंडी. कागदावर कर्जच नाही, तेव्हा व्याजाची मर्यादा लावणार कशाला? १८८३ मध्ये महात्मा फुले यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला, तो याच काळातील शेतकऱ्याची नागवणूक समोर ठेवून.

१५/ वटार आज ज्या पालघर जिल्ह्यात आहे, त्याच जिल्ह्याच्या डहाणू-तलासरी भागात कर्जाची किंमत याहून भयंकर होती. लग्नासाठी घेतलेल्या थोड्याशा पैशापोटी वारली तरुण जमीनदाराचा ‘लग्नगडी’ होई. तारण ठेवायला घर नव्हते, जमीन नव्हती; तारण होते त्याचे शरीर. व्याज वर्षांत मोजले जाई आणि अनेकदा आयुष्य सरले तरी मुद्दल शिल्लकच राही. १९४५ च्या वारली उठावात वेठबिगारीबरोबर या प्रथेलाही आव्हान मिळाले.

१६/ कायद्याने सावकाराचा हात धरता येतो, पण गरजवंताच्या हाती पैसा देता येत नाही. म्हणून दुसरा मार्ग सहकाराचा. १९०४ मध्ये सहकारी पतसंस्थांचा पहिला कायदा झाला. वसईत १९१८ साली स्थापन झालेल्या पतसंस्थेतून आजची बॅसिन कॅथॉलिक को-ऑपरेटिव्ह बँक उभी राहिली. वसईच्या वाडीवाल्यांच्या पट्ट्यात वाजवी दराचे कर्ज आपसांतल्या ठेवींतून मिळू शकते, हा अनुभव अशा संस्थांनी दिला.

१७/ घरासाठी दीर्घ मुदतीचे कर्ज ही सामान्य पगारदाराच्या आवाक्यातील गोष्ट झाली ती याच्याही बऱ्याच नंतर. केवळ गृहकर्ज देणारी एचडीएफसी १९७७ मध्ये स्थापन झाली. राष्ट्रीय आवास बँक १९८८ मध्ये. वसई-विरार पट्ट्यात इमारती उभ्या राहिल्या आणि मुंबईत नोकरी करणाऱ्या हजारो कुटुंबांनी लोकलच्या पासाबरोबर वीस वर्षांचा हप्ताही स्वीकारला. छळणारा सावकार गेला, दर खाली आला. पण मुदत अनेक पटींनी लांबली.

१८/ आता आजचे गणित. ३० लाखांचे कर्ज, वार्षिक ९ टक्के, २० वर्षे. मासिक हप्ता सुमारे २६,९९२ रुपये. एकूण भरणा सुमारे ६४.७८ लाख, त्यात व्याज ३४.७८ लाख. म्हणजे व्याज मुद्दलाहून अधिक. जुन्या दामदुपटीचा भंग येथे तांत्रिकदृष्ट्या होत नाही, कारण व्याज दरमहा चुकते केले जाते. पण एकूण बेरजेची रेषा मात्र केव्हाच ओलांडलेली असते.

१९/ पहिल्याच हप्त्यातील २२,५०० रुपये व्याजात जातात. मुद्दलात जेमतेम ४,४९२. दहा वर्षे एकही हप्ता न चुकवता भरल्यावर, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, सुमारे २१.३ लाख मुद्दल शिल्लक असते. मुद्दल निम्मे फिटले असेल, ही समजूत येथे फसते. जिवंत आणि मृत तारणाचा जुना भेद आठवावा: आरंभीच्या वर्षांत हप्त्याचा मोठा भाग मृतच असतो.

२०/ मुदतीचा प्रभाव तर दराइतकाच प्रचंड. तेच ३० लाख, तोच ९ टक्के दर:
१५ वर्षे: हप्ता ३०,४२८, एकूण व्याज २४.७७ लाख.
२० वर्षे: हप्ता २६,९९२, एकूण व्याज ३४.७८ लाख.
३० वर्षे: हप्ता २४,१३९; एकूण व्याज ५६.९ लाख.
वीसऐवजी तीस वर्षे घेतली, तर महिन्याला २,८५३ रुपये वाचतात आणि अखेरीस सुमारे २२ लाख अधिक जातात.

२१/ आणि नव्या खताचे काय? तेही रूप बदलून परतले. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला आणि त्याला जोडलेली गृहकर्जे महागली. अनेक ठिकाणी हप्ता तोच ठेवून मुदत वाढवण्यात आली. ३० लाखांवर ७ टक्क्यांनी वीस वर्षांचा हप्ता २३,२५९. कर्ज नवे असतानाच दर ९.५ झाला, तर महिन्याचे व्याजच २३,७५० होते. हप्ता व्याजालाही पुरत नाही. उरलेले व्याज मुद्दलात जाऊन बसते. १८५९ नंतर दर तीन वर्षांनी फिरणारे यंत्र हेच.

२२/ ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने आदेश दिला: दर बदलल्यास हप्ता व मुदत यांवर होणारा परिणाम ऋणकोला कळवावा, हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडण्याची मुभा द्यावी, आणि मुदत वाढवताना हप्ता व्याजाहून कमी पडू देऊ नये. तसेच दर तिमाहीस किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, किती हप्ते उरले, याचे पत्रक द्यावे. मुद्दलाचे खाते वेगळे, व्याजाचे वेगळे. १८७९ नंतर १४४ वर्षांनी तोच धडा.

२३/ एक मोठा फरक लक्षात ठेवायला हवा. महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ हा परवानाधारक सावकारांसाठी आहे. बँकांची कर्जे त्याच्या कक्षेबाहेर आहेत. म्हणजे गृहकर्जाच्या एकूण व्याजाला दामदुपटीसारखी कमाल मर्यादा नाही. मात्र १८७५ च्या शेतकऱ्याला नसलेले एक शस्त्र आज आहे: बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. आरंभीच्या वर्षांत भरलेली जादा रक्कम थेट मुद्दलावर पडते आणि पुढचे व्याज कायमचे कापते.

२४/ सुप्याच्या शेतकऱ्यांनी वह्या जाळल्या, कारण त्या त्यांना वाचता येत नव्हत्या आणि कोणी वाचूनही दाखवत नव्हते. आज वही घरपोच येते. वटारच्या एखाद्या घरात सातबाऱ्यावर बोजा चढवण्यापूर्वी ‘हप्ता किती?’ हा प्रश्न हमखास विचारला जातो. इतिहास आणखी तीन प्रश्न विचारायला शिकवतो: अखेरपर्यंत एकूण किती? त्यातले मुद्दल किती आणि व्याज किती? आणि थकलेले व्याज कुठे जाते? यांची उत्तरे मिळाली, तरच ‘इतर हक्क’ या रकान्यात न लिहिलेला आकडा वाचता येतो.

(समाप्त)