काळा नव्हे, तांबडा

साल १९२८, कोल्हापूर. तुम्ही एका फोटो स्टुडिओत उभे आहात. छताला उत्तरेकडून काचा बसवल्यात. ऊन आत येत नाही, नुसता उजेड उतरतो. मागच्या पडद्यावर महाल रंगवलाय. खुर्चीत अवघडून बसलेली ही मुलगी तुमची पणजी. नुकतीच लग्न होऊन आलीय.

जवळ जा. तिचं इरकली लुगडं निळं आहे, सकाळच्या आभाळासारखं. अंग सुती, पदर रेशमी, तांबडाभडक. हा पदर मागाहून शिवलेला नाही. मागावरच अंगाच्या उभ्या धाग्यांत पदराचे उभे धागे वळसे घालून गुंतवलेत. बोट फिरवलंत तर तो सांधा हाताला लागेल. चोळी गुळेदगुड्डच्या खणाची, पुढे गाठ मारलेली. कपाळी ठसठशीत कुंकू.

“हलू नका हं, वहिनीसाहेब.” फोटोग्राफर काळ्या कापडाखाली शिरतो. ती श्वास रोखते.

त्याच्या मागोमाग अंधाऱ्या खोलीत चला. तो खुशाल तांबडा दिवा लावून काम करतो, कारण फोटो ज्या काचेवर उमटतो, तिला तांबडा रंग दिसतच नाही. निळा मात्र फार दिसतो. छाप निघतो तेव्हा पदर काळा, कुंकू काळं आणि आभाळी लुगडं पांढुरकं. हाच फोटो पुढे भिंतीवर लागणार आणि पतवंडं म्हणणार, पणजीला फिकेच रंग आवडायचे. किती मोठा अन्याय!

तो दूर करायचा तर परत या आणि ट्रंकेतलं लुगडं फोटोशेजारी उलगडा. रंग लुगड्याला ठाऊक आहे, नेसण फोटोला. एकट्या फोटोवर विसंबू नका. भिंग घेऊन बघा, पदर खांद्यावरून कसा घेतलाय, काठ पावलांशी कुठे थांबतो, बाही दंडावर किती घट्ट बसलीय.

मग हवं ते नवं शिवा, पण त्या लुगड्याला कात्री लावू नका. घड्यांवर रेशीम विरलेलं असतं, आणि एकदा तुकडे झाले की नऊ वारांची ती नेसण पुन्हा कुणालाच नेसून बघता येणार नाही. खण आणि इरकल आजही विणतात. निळ्या कापडाला तांबड्या खणाची बाही लावा, तिच्याच मापाची, दंडाशी घट्ट. शिंप्याकडे जाताना फोटो न्या आणि तांबडा नमुना जवळ ठेवा, नाहीतर तोही पदर काळाच समजेल.