रॉकेलची बाटली आणि गॅसची टाकी

सीमाभाग म्हटला की आपल्याला गोव्यात बेळगाव, खानापूर, कारवार आठवते. बिदर जिल्ह्यातला औराद तालुका मात्र सहसा कोणाच्या बोलण्यात येत नाही. एका बाजूला उदगीर-देगलूर, दुसऱ्या बाजूला तेलंगणा. निजामाच्या राज्यातला हा मुलूख १ नोव्हेंबर १९५६ रोजी म्हैसूर राज्यात गेला, शेजारचे उदगीर मुंबई राज्यात. मराठी दोन्हीकडे राहिली, पण रेशनकार्डे दोन राज्यांची झाली. आणि सीमेवरच्या गरिबाच्या घरात राज्य पोहोचते ते बहुधा रेशनकार्डावरूनच.

कानडीत रॉकेलला 'सीमेएण्णे' म्हणतात, म्हणजे परमुलखातून आलेले तेल. आपली जुनी माणसे घासलेट म्हणत. केंद्र सरकार राज्याला कोटा ठरवून देई आणि रेशनवर ते स्वस्तात मिळे. ओळखू यावे म्हणून त्यात निळा रंग मिसळला जाई. सरकारचा हेतू चांगला होता, पण या तेलाने घरात केले काय? २००१ च्या जनगणनेत देशातल्या खेड्यांत निम्म्याहून अधिक घरांत उजेड रॉकेलचाच होता. महिन्याचे चार-दोन लिटर चिमणीत, कंदिलात आणि चूल पेटवण्यात संपत. भाकरी भाजायची ती तुराट्या, पऱ्हाट्या आणि गोवऱ्यांवर. सवलतीने घरात उजेड आला, बाईच्या डोळ्यांतला धूर गेला नाही.

शिवाय सारे तेल घरापर्यंत पोहोचतही नव्हते. रॉकेल स्वस्त, डिझेल महाग. दोहोंच्या भेसळीत पैसा होता. २५ जानेवारी २०११ रोजी मनमाडजवळ मालेगावचे अपर जिल्हाधिकारी यशवंत सोनवणे यांना तेलमाफियांनी जिवंत जाळले. मी स्वतः सरकारी कचेरीतला कारकून. एका लिटरमागच्या भावाच्या फरकासाठी माणूस जाळला जातो, हे वाचून आम्हां नोकरदारांच्या अंगावर काटा आला होता.

मग वाट बदलली. इंडोनेशियाने २००७ पासून रॉकेल काढून घेताना घरोघर तीन किलोच्या लहान टाक्या फुकट दिल्या. आपल्याकडे जानेवारी २०१५ पासून गॅसची सवलत देशभर थेट बँकखात्यात जाऊ लागली आणि १ मे २०१६ रोजी उज्ज्वला योजना सुरू झाली. गळती कमी झाली, लाखो घरांत शेगडी आली. ही मोठीच गोष्ट, ती नाकारू नये. पण २०२० च्या मध्यापासून खात्यात येणारी रक्कम बहुतेक ठिकाणी थांबली. मे २०२२ पासून उज्ज्वलाच्या घरांना टाकीमागे २०० रुपये मिळू लागले, ऑक्टोबर २०२३ पासून ३००. रेशनच्या रॉकेलावरची केंद्राची सवलतही या काळात संपली.

माझ्या मते खरा प्रश्न मापाचा आहे. रॉकेल हातात पैसा येईल तसे लिटर-दोन लिटर घेता येई. गॅसची नेहमीची टाकी १४.२ किलोची, तिचे पैसे एकदम मोजावे लागतात आणि सवलत मागाहून येते. रोजंदारीवर जगणाऱ्या घराला 'मागाहून' हा शब्द परवडत नाही. टाकी संपली की अशा घरात पुन्हा तुराट्या पेटतात, आणि कागदावर मात्र ते घर धुरातून मुक्त झालेले असते.

अनुदानाचा इतिहास लिहिणारे किती कोटी खर्च झाले ते मोजतात. तो खर्च कोणत्या मापाने घरात शिरला, हेही मोजायला हवे. औरादच्या बाईला कानडी सरकार की मराठी सरकार, हा प्रश्न संध्याकाळी पडत नाही. आज चूल कशावर पेटवायची, एवढाच पडतो.