आजोबांचं टक्कल

पोस्ट मोठी आहे. सवडीने वाचा.

माझ्या आजोबांना टक्कल होतं हे मला ते गेले त्या दिवशी कळलं. १९९१ साल, मी आठवीत होतो. शेवटचे दोन महिने ते अंथरुणालाच खिळलेले. त्याआधी दर पंधरा दिवसांनी न्हावी घरी यायचा, ओट्यावर पोतं अंथरायचा आणि त्यांचं अख्खं डोकं वस्तऱ्याने तासून द्यायचा. वर पांढरा फेटा. आंघोळ पहाटे विहिरीवर, आम्ही पोरं उठायच्या आत. आजारपणात न्हावी यायचा बंद झाला. कानांच्या वर आणि मानेशी पांढरे केस वाढले आणि टाळू मात्र तळहातासारखी गुळगुळीत राहिली. अंगणात आंघोळ घालताना ते सगळ्यांनी पाहिलं. आजी सोडली तर घरात कुणाला याची कल्पना नव्हती. वडिलांनाही नाही.

माणूस सत्तर-बहात्तर वर्षं जगला आणि त्याचं टक्कल ही बातमीच झाली नाही! मी स्वतः सव्विसाव्या वर्षापासून या प्रकरणात असल्यामुळे या गोष्टीचा मला नेहमी हेवा वाटत आलाय. म्हणून थोडं खोदून बघितलं.

पेशवाईत आणि नंतरही एकोणिसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत आपल्याकडचा पुरुष डोक्याची हजामत करायचा, मागे शेंडी किंवा घेरा ठेवायचा आणि वर पगडी, पागोटं, फेटा, मुंडासं, जे ज्याच्या जातीला आणि ऐपतीला शोभेल ते. घराबाहेर बोडक्याने जाणं हा असभ्यपणा. टिळकांची पगडी आणि जोतीरावांचं पागोटं आपल्याला फोटोतून पाठ आहे, त्याखालच्या केसांविषयी मात्र कुणी काही विचारत नाही. ज्याचे केस गेलेत आणि ज्याने काढलेत, दोघे सारखेच दिसायचे. पुढचं कपाळ मोठं झालं म्हणून कुणाचं लग्न अडलं असेल असं मला वाटत नाही. वय, कुळी, शेती बघायचे. टाळू दिसतच नव्हती तर बघणार काय?

जुन्या ग्रंथांतही टक्कल आहे, पण त्याला जागा बेताची. सुश्रुताने इंद्रलुप्त म्हणजेच खालित्य हा विकार ‘क्षुद्ररोगां’त घातलाय, मस आणि तीळ यांच्या पंगतीला. वामन पंडितांनी मराठीत आणलेल्या भर्तृहरीच्या नीतिशतकात एक टकल्या येतो. बिचाऱ्याचं डोकं उन्हाने भाजतंय म्हणून तो झाडाच्या सावलीला जातो आणि नेमकं वरून फळ पडून डोकं फुटतं. तिथे त्याची अडचण ऊन ही आहे, आरसा नव्हे.

सगळ्या जगात असंच होतं असं मात्र नाही. रोममध्ये डोकी उघडी असायची, तर तिथे ज्युलियस सीझर टकलापायी हैराण होता. सुटोनियस नावाच्या चरित्रकाराने लिहून ठेवलंय की हा जगज्जेता उरलेले केस पुढे ओढून विंचरायचा, आणि रोमने दिलेल्या सगळ्या मानसन्मानांत त्याला सर्वांत जास्त आवडला तो कायम लॉरेलच्या पानांचा मुकुट घालायचा अधिकार. कारण उघड आहे. फ्रान्सच्या तेराव्या लुईचे केस तरुणपणीच गेले, त्याने केसांचा टोप चढवला आणि बघता बघता अख्ख्या दरबाराने चढवला. पुढे युरोपभर ती प्रतिष्ठा झाली. इंग्लंडात तर १७९५ साली टोपावर आणि केसांवर लावायच्या पावडरीवर सरकारने कर बसवला. वर्षाला एक गिनी.

आता आपल्या भाषेतल्या एका शब्दाकडे या. ‘बोडका’. पुरुष बोडका असला की त्याने टोपी घातली नाही, एवढाच अर्थ. बाई ‘बोडकी’ असली की? ती शिवी होती. नवरा मेला म्हणून तिचं डोकं जबरदस्तीने तासलेलं असायचं आणि वर लुगड्याचा पदर. १८९० साली मुंबईत नाभिक समाजाच्या लोकांनी सभा भरवून विधवांचं केशवपन आम्ही करणार नाही असं ठरवलं. त्यामागे ‘दीनबंधू’चे संपादक नारायण मेघाजी लोखंडे होते. हे मी विषय सोडून सांगत नाहीये. उघड्या डोक्याची लाज ही वस्तू आपल्याकडे होती, भरपूर होती. फक्त ती बाईच्या डोक्यावर ठेवलेली होती. पुरुषाच्या वाट्याला ती आली पगडी उतरल्यावर, तीही अगदी पातळ करून. टकल्याला ‘टकल्या’ म्हणतात, त्याला कुणी समारंभाच्या मांडवातून उठवत नाही. आम्ही टकले लोक स्वतःचं फार मोठं दुःख सांगायला लागलो की मला हे आठवतं.

पगडी उतरली ती इंग्रजी शिक्षणाने आणि सलूनच्या खुर्चीने. कॉलेजातली पोरं शेंडी काढून ‘क्रॉप’ ठेवायला लागली, घरोघरी बापलेकांची भांडणं झाली. मग टोपी आली. काळी, पांढरी, गांधींची. स्वातंत्र्यानंतर हळूहळू तीही खुंटीवर गेली. माझे वडील शिक्षक. त्यांच्या पिढीने डोकं पहिल्यांदा पूर्ण उघडं केलं आणि टक्कल पहिल्यांदा सगळ्यांना दिसलं. वडील डाव्या कानावरचे केस लांब वाढवून उजव्या कानापर्यंत नेत, खोबरेल तेलाने चिकटवत. मोटारसायकलवर वारा लागला की त्यांचा एक हात आपोआप डोक्याकडे जायचा. आजोबांना हे कधी करावं लागलं नाही.

आणि डोकं उघडं झालं की बाजार येतोच. त्याची सुरुवात तर आधीच झालेली होती. बंगालमध्ये ‘कुंतलीन’ नावाचं केसांचं तेल होतं. त्याचे मालक एच. बोस यांनी जाहिरातीसाठी चक्क कथास्पर्धा काढली, अट अशी की कथेत तेलाचं नाव खुबीने यावं. १८९६ सालचं बक्षीस गेलं एका कथेला, ज्यात तापाने केस गेलेला माणूस बोटीतून जाताना वादळात सापडतो आणि समुद्रात केसांच्या तेलाची बाटली ओततो, तर वादळ शांत होतं. लेखक कोण? जगदीशचंद्र बोस. तेच, वनस्पतींच्या संवेदनांवर काम करणारे शास्त्रज्ञ. त्यांच्या तेलाने निदान वादळ तरी थांबलं. आमच्या पेपरात छापून येणाऱ्या तेलांनी तेवढंही केल्याचं ऐकिवात नाही.

विज्ञानाचं म्हणाल तर मूळ गोष्ट फार साधी आहे. नपुंसक केलेल्या पुरुषांना टक्कल पडत नाही हे ग्रीक वैद्य हिप्पोक्रेटिसच्या नावावरच्या वचनांतच आहे. ते सिद्ध व्हायला १९४२ साल उजाडलं. अमेरिकेतल्या जेम्स हॅमिल्टनने दाखवलं की वयात येण्याआधी वृषण काढलेल्यांचे केस टिकतात, आणि त्यांना पुरुषी संप्रेरक टोचलं तर ज्यांच्या घराण्यात टक्कल आहे त्यांचे जायला लागतात. म्हणजे संप्रेरक आणि आनुवंशिकता. टोपीमुळे नाही, हेल्मेटमुळे नाही, बोअरच्या पाण्यामुळे नाही, जागरणामुळे नाही. औषधं आली तीही दुसऱ्याच कामातून. मिनॉक्सिडिल ही रक्तदाबाची गोळी होती, ती घेणाऱ्यांच्या अंगावर नको तिथे केस उगवायला लागले. १९८८ साली अमेरिकेत ते टकलावर लावायला मान्यता मिळाली. फिनास्टेराइड प्रोस्टेटसाठी होतं, १९९७ साली टकलासाठी आलं. दोन्ही काही जणांना उपयोगी पडतात, बंद केली की फायदाही जातो, आणि फिनास्टेराइड डॉक्टरांना विचारल्याशिवाय घ्यायची गोळी नाही. इतकंच आहे. बाकी सगळं पॅकिंग.

हे मला सव्विसाव्या वर्षी कुणी सांगितलं असतं तर माझे बरेच पैसे वाचले असते. पत्रकारितेचा डिप्लोमा करून नुकताच पेपरात लागलो होतो. तेव्हा कांद्याचा रस लावला, माक्याचं तेल लावलं, एका वैद्याचा काळा लेप लावून उशीचे अभ्रे खराब केले. दोनदा डोकं तासलं, कारण तासलं की दाट येतात म्हणे. तासलेल्या जागी जेवढे होते तेवढेच आले. एका स्थळाला माझा तीन वर्षांपूर्वीचा फोटो गेला होता. मी प्रत्यक्ष गेलो तेव्हा मुलीच्या मामाने माझ्या वडिलांना नमस्कार करून “नवरदेव कुठं आहेत?” असं विचारलं. मी शेजारीच बसलो होतो. पोहे मात्र चांगले होते.

वडील गेले तेव्हा दहाव्याला घाटावर मुंडण केलं. त्या दिवशी आम्ही भाऊ, चुलतभाऊ, सगळे सारखे दिसत होतो. घरी आल्यावर आरशात पाहिलं आणि आजोबा दिसले. त्यानंतर मी केस वाढवलेच नाहीत. दर आठवड्याला साफ करतो.

हे झालं माझं. आता ज्यासाठी लिहायला बसलो ते.

डिसेंबर २०२४ च्या अखेरीस शेगाव तालुक्यातल्या बोंडगाव, कालवड, हिंगणा अशा गावांत लोकांचे केस अचानक गळायला लागले. दोन-तीन दिवसांत टक्कल. पुरुष, बायका, शाळेतली पोरं. आकडा अडीचशेच्या वर गेला. खारपाणपट्टा असल्याने आधी पाण्यावर संशय आला, पाण्यात नायट्रेट सापडलंही. दिल्लीहून आयसीएमआरची पथकं आली. विंचूदंशावरच्या कामामुळे आपल्याला माहीत असलेले महाडचे डॉ. हिंमतराव बावस्कर तिथे जाऊन आले, तपासण्या करून घेतल्या आणि त्यांनी निष्कर्ष मांडला की रेशनच्या गव्हात सेलेनियम प्रमाणाबाहेर आहे, त्याचा हा परिणाम. पुढे काही जणांची नखंही गेली.

म्हणजे प्रश्न रेशनच्या धान्याचा होता. कुठला गहू कुठून येतो, तो कोण तपासतं, गरिबाच्या ताटात काय पडतं, हा. आणि आम्ही पत्रकारांनी त्याला नाव काय दिलं? ‘टक्कल व्हायरस’. व्हायरस कुठेच नव्हता. वाहिन्यांनी चालवलं, आमच्याही पानावर तीन कॉलमी मथळा गेला. तो मी टाइप केला होता. माझं डोकं तेव्हा गुळगुळीतच होतं, पण हात थांबला नाही. तिकडच्या ओळखीच्या एका शेतकऱ्याने नंतर फोनवर सुनावलं, “साहेब, केस आले परत. पण पोरीची सोयरीक मोडली ती काही परत आली नाही. व्हायरस म्हटल्यावर कोण घरात घेतं?”

त्याला द्यायला माझ्याकडे उत्तर नव्हतं. खुलासा आम्ही छापला होता. पान ५, एक कॉलम.

दुसरी गोष्ट मागच्या महिन्यातली. पुतण्या पुण्यात नोकरीला आहे, पंचवीस वर्षांचा. त्याचा फोन.

“काका, हेअर ट्रान्सप्लांटची ऑफर आहे. पंचेचाळीस हजार, हप्ते पाडून देतात.”

“करणार कोण?”

“डॉक्टरच आहे.”

“कशाचा डॉक्टर?”

तो गप्प. मी त्याला सांगितलं की राष्ट्रीय वैद्यक आयोगाने २०२२ मध्येच स्पष्ट केलंय, कार्यशाळा करून किंवा यूट्यूब पाहून ही शस्त्रक्रिया करता येत नाही, रीतसर प्रशिक्षण असलेला त्वचारोगतज्ज्ञ किंवा प्लास्टिक सर्जनच लागतो. कानपूरला ट्रान्सप्लांटनंतर दोन अभियंत्यांचा जीव गेला, २०२५ मध्ये गुन्हा दाखल झाला, हेही सांगितलं. करू नको असं मी म्हणू शकत नाही. त्याच्या वयाला माझीही अक्कल अशीच होती, आणि डोकं त्याचं आहे.

“पण तुला कळलं कुठून या ऑफरचं?”

“काका, तुमच्याच पेपरात आहे की. रविवारी.”

शोधलं. होती. पाव पान, रंगीत, खाली ‘१०० टक्के हमखास केसवाढ’ देणाऱ्या तेलाची पट्टी. आपल्या देशात १९४५ चे औषध नियम आहेत. त्यातला नियम १०६ सांगतो की अनुसूची ‘जे’ मधले आजार बरे करण्याचा दावा कुठल्याही औषधाला करता येत नाही. त्या यादीत कर्करोग आहे, मोतीबिंदू आहे आणि टक्कलही आहे. तेलवाल्याची पळवाट तयार असते, हे औषध नाही, सौंदर्यप्रसाधन आहे म्हणतो. आणि पेपरवाल्यांना वाचायलाच वेळ नसतो. तालुक्याचा पेपर निवडणुका, वाढदिवस आणि तेल यांवर चालतो. माझा पगार त्यातूनच येतो. २०१९ च्या नोव्हेंबरात आठवड्याच्या अंतराने टकल्यांवरचे दोन हिंदी सिनेमे आले होते. त्यातल्या ‘बाला’तला नायक स्वतः टकला आणि पोटासाठी गोरं करणारी क्रीम विकतो. थिएटरात मी खूप हसलो होतो.

सोमवारी जाहिरात विभागात गेलो, नियम दाखवला. तिथला माणूस वाईट नाही. म्हणाला, “दादा, तीन महिन्यांचं बुकिंग आहे, पैसे आगाऊ आलेत. तुम्ही मजकूर बघून द्या, मी लावतो.” बघून दिला. ‘हमखास’ काढलं, ‘१०० टक्के’ काढलं. ट्रान्सप्लांटच्या जाहिरातीत डॉक्टरची पदवी आणि नोंदणी क्रमांक टाका असं कळवलं. परवाच्या रविवारी तेलाची पट्टी तशी लागली. ट्रान्सप्लांटवाल्याकडून नोंदणी क्रमांक अजून आलेला नाही, जाहिरात मात्र आली. पाव पान, रंगीत.

पुतण्या दिवाळीला येतोय. त्याआधी पुण्यातल्या सरकारी रुग्णालयात त्वचारोगाच्या ओपीडीत जाऊन ये म्हटलंय. बघतो म्हणाला.