इराणी चित्रपट

इराणमध्ये चित्रपट आला तो राजदरबारातून. १९०० साली मुझफ्फरुद्दीन शाहने पॅरिसमध्ये चलच्चित्रे पाहिली आणि दरबारी छायाचित्रकार मिर्झा इब्राहिम खान याला कॅमेरा घ्यायला लावला. ‘आबी व राबी’ हा पहिला मूक कथापट १९३० चा. पहिला फारसी बोलपट मात्र मुंबईत घडला : ‘आलम आरा’कार अर्देशीर इराणी यांच्या इंपीरियल कंपनीचा, अब्दुलहुसेन सेपंतालिखित ‘दुख्तर-ए-लोर’ (१९३३). नायिका रूहअंगीझ सामीनेझाद यांच्या बोलण्यात किरमानी हेल होता; कथाच त्याला जुळवून घेतली गेली. पडद्यावर आल्याबद्दल पुढे मायदेशी त्यांची फार अवहेलना झाली, हे या इतिहासातले दुःखद पान होय.

दारियूश मेहरजुई यांच्या ‘गाव’मध्ये (१९६९; फारसीत ‘गाव’ म्हणजे गाय) गाय मेलेला शेतकरी स्वतःलाच गाय समजू लागतो. इराणी वास्तववादाची ताकद येथे प्रथम पुरती जाणवते. १९७९ च्या क्रांतीनंतर कडक सेन्सॉरशिप आली. तरीही अब्बास किआरोस्तामी यांनी मुले, खेडी, नागमोडी वाटा यांतून अजोड चित्रपट घडवले. त्यांच्या ‘टेस्ट ऑफ चेरी’ला १९९७ मध्ये कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार लाभला. दिग्दर्शक जाफर पनाही यांच्यावर २०१० मध्ये चित्रपटनिर्मितीस वीस वर्षांची बंदी घातली गेली. ते चित्रपट करतच राहिले.