लघवीत रक्त आणि गिमवीचा धडा

लघवी लाल झाली पण दुखले नाही, की आपण 'उष्णता झाली' म्हणून धन्या-जिऱ्याचे पाणी पितो. त्यासाठी कोकणातला हा इतिहास वाचा.

१८५१ मध्ये कैरोत थिओडोर बिलहार्झ यांना मृतदेहांच्या तपासणीत एक कृमी सापडला. लघवीतून रक्त जाण्याचे तिथले मोठे कारण तोच निघाला. १९५२ मध्ये डॉ. गाडगीळ आणि शाह यांनी रत्नागिरी जिल्ह्यातील गिमवी गावात याच प्रकारच्या रोगाची नोंद केली. या रोगात पाण्यातील गोगलगायीतून निघालेल्या अळ्या त्वचेतून शरीरात शिरतात. पुढे कृमीची अंडी मूत्राशयाची भिंत भेदतात आणि रक्त येते. निदान होते ते लघवी सूक्ष्मदर्शकाखाली पाहून.

आपल्या देऊळगाव राजात कारणे बहुधा वेगळी असतात: मुतखडा, जंतुसंसर्ग, प्रोस्टेट, मूत्रपिंडाचा आजार, कधी कर्करोग. धडा मात्र तोच, अंदाज नको, तपासणी हवी. लघवी, क्रिएटिनिन आणि सोनोग्राफी करून घ्या. चाळिशी उलटली असेल किंवा विडी-सिगारेट ओढत असाल, तर दुर्बिणीने मूत्राशय पाहण्याबद्दल डॉक्टरांना जरूर विचारा.

रक्त आपोआप थांबले, म्हणजे आजार गेला असे समजू नका.