परंपरा कुणाच्या गळ्यात राहते?

लोणावळ्याजवळच्या औंढ्यापासून भाजे लेणी फार लांब नाहीत. इसवीसनापूर्वी दुसऱ्या शतकात कोरायला घेतलेल्या या लेण्यांत एक बाई वाद्य वाजवतेय, दुसरी नाचतेय. दगडानं हात जपले, ताल मात्र हरवला. गाणं-वाजवणं टिकायचं तर ते माणसातून माणसात जावं लागतं, आणि माणूस आला की बदल आलाच.

याच पेचावर इम क्वॉन-टेक यांनी 1993 साली ‘सोप्यॉन्जे’ हा कोरियन चित्रपट केला. पान्सोरी म्हणजे एक गायक आणि एक ढोलवादक मिळून रंगवत नेतात ती लांबलचक गायनकथा. कोरियानं 1964 मध्येच तिला संरक्षित वारसा ठरवलं होतं, पण श्रोते आटत चालले होते. चित्रपटातला फिरस्ता गायक मानलेल्या मुलीची दृष्टीच घालवतो. तिनं सोडून जाऊ नये आणि गळ्यात दुःख उतरावं, म्हणून! एवढा संथ चित्रपट, तरी एकट्या सोलमध्ये दहा लाखांवर प्रेक्षक लाभलेला तो पहिला कोरियन चित्रपट ठरला.

मराठीत त्याच्या जवळ जातो चैतन्य ताम्हाणेचा ‘द डिसायपल’ (2020). इथे कुणी कुणाला आंधळं करत नाही. शरद नेरुळकर स्वतःच माईंच्या ध्वनिफितींतल्या कठोर उपदेशाला बांधून घेतो. रियाज, सेवा, त्याग, सगळं करतो, तरी गाणं स्वतःचं होत नाही.

चित्रपटात त्याच्या गुरुजींची भूमिका केली आहे अरुण द्रविड यांनी. ते खऱ्या आयुष्यात किशोरी आमोणकर यांचे शिष्य. किशोरीताईंना (1932–2017) आई मोगूबाई कुर्डीकरांकडून जयपूर-अत्रौली घराण्याची कडक तालीम मिळाली होती. मोगूबाई थेट अल्लादिया खाँसाहेबांच्या शिष्या. तरी किशोरीताईंनी भावाला पुढे आणलं आणि घराण्याच्या भिंती मानायला नकार दिला. त्यावर टीका झाली. आज मात्र ‘जयपूर’ म्हटलं की अनेकांच्या कानात आधी त्यांचाच सूर उमटतो.

म्हणजे बदलणारी ती परंपरेची वारस ठरली, आणि आज्ञेत राहिलेला शरद नाही. पण हेही खरं, की आईची तालीम पचवल्याशिवाय तिला मोडायला काही मिळालंच नसतं. गुरूचं ऐकायचं किती आणि कुठून पुढे स्वतःचं म्हणायचं, हे कुठलंही घराणं शिकवत नाही. ते ज्याचं त्यालाच, धोका पत्करून, ठरवावं लागतं.